कार्स प्रांतातला माणूस

साल्स्कचं माळरान, १९२२

माझ्या आईला अनिस्याचा कमरेतून वाकून नमस्कार.

आम्ही हद्द ओलांडून सुखरूप पोचलो. पोरं धडधाकट आहेत, गाय दूध देते. माती काळी आहे, गहू चांगला येईल म्हणतात. मार्फामावशी अजून अंथरुणालाच खिळली आहे का? तिच्यासाठी तू मागे राहिलीस, याचा बाबांना राग नव्हता गं. खरंच नव्हता.

बाबांना इथलं मानवेना. नजर जाईल तिथवर एक डोंगर नाही. विहिरीवर शेजारच्या म्हाताऱ्यानं विचारलं, "कुठले तुम्ही?"

"कार्स प्रांतातले. झारनं तो तुर्कांकडून घेतला, तेव्हा माझ्या बापानं मला कडेवर नेलं तिथं."

"अहो, तो परत तुर्कांना दिला! तसा प्रांतच उरला नाही आता."

"मग आम्ही कुठले?"

म्हातारा हसला. बाबा हसले नाहीत. त्या दिवसापासून त्यांचं अन्न तुटलं.

आई, जरा खाली बस. बाबा गेले. शेवटी म्हणाले, "तुझ्या आईला सोडून निघायला नको होतं."

माती देताना आपल्या गावचे सगळे स्तोत्र म्हणायला उभे राहिले आणि सवयीनं तुझ्या आवाजासाठी थांबले. सुरुवात नेहमी तूच करायचीस ना. मग मी सुरू केलं, पण सूर फार वर लागला आणि स्तोत्र अर्धंच राहिलं.

हद्द बंद झाली आहे, तुला येता यायचं नाही. तू तिथंच, आपल्या दारात उभी राहून, ते स्तोत्र बाबांसाठी एकदा नीट म्हण.

तुझी लेक,
अनिस्या