मिनर्व्हाची ओटी

मँचेस्टर,
१४ मार्च २००६

ती. कुमुदताईस,
धाकट्या वैभवीचा सा. न. वि. वि.

फोनवर नुसतं रडूच येतं, म्हणून लिहिते. मेंदूज्वराचा ताप उतरला, पण आमची ऋजुता काही परत आली नाही गं. डोळे उघडे असतात, पण मला ओळखत नाही. बारा वर्षांची घोडी, बडबड करून डोकं उठवायची, ती आता भिंतीकडे बघत बसते. डॉक्टर म्हणतात, कदाचित अशीच राहील. रवी वॉर्डमधून थेट ऑफिसला जातो, माझ्याशी धड बोलत नाही.

आजारी पडायच्या आधी तिचा शाळेचा प्रोजेक्ट चालला होता, मिनर्व्हावर. रोमन लोकांची बुद्धीची देवी. वैद्य, विणकर, कारागीर, सगळे तिलाच मानायचे आणि मार्चमध्ये तिच्या सणाला मुलांना शाळेला सुट्टी! चेस्टरच्या एका बागेत दगडात कोरलेली तिची मूर्ती अजून आहे. ती बघायला चल म्हणून पोरगी मागे लागली होती. मी आज-उद्या करत राहिले.

काल एकटीच गेले, थंडीत साडी नेसून. दगड पार झिजलाय, नाक-डोळे काही उरलं नाही. तरी तांदूळ, नारळ, ब्लाऊजपीस ठेवून ओटी भरली. पदर पसरून म्हटलं, पोरीची बुद्धी परत दे. कुत्रं फिरवणारी एक बाई बघतच राहिली. बघू दे!

काही चुकलं नाही ना गं? माया आटू देऊ नकोस.

तुझी,
वैभवी

नागपूर,
२५ मार्च २००६

चि. सौ. वैभवीस ताईचे अनेक आशीर्वाद.

पत्र वाचल्यापासून जीव थाऱ्यावर नाही. पण तू म्हणजे अगदी वेंधळी! अगं, ती मिनर्व्हा कुमारिका आहे. कुमारिकेची ओटी भरतात का कधी? दिवाळीत तुझ्या लेकीनेच फोनवर मला तिचं सगळं पुराण ऐकवलं होतं. बापाच्या डोक्यातून चिलखत घालूनच बाहेर आली, लग्न केलं नाही. तिला आईच मिळाली नाही मावशी, मला तिची फार दया येते, असं म्हणाली होती.

नवरात्रात आपण कुमारिकेचे पाय धुतो, कुंकू लावून पाया पडतो, तेवढं कर आणि रुखरुख सोड. जेवत जा. रवीवर चिडू नकोस, तोही बाप आहे.

वाट बघणारी,
ताई

मँचेस्टर,
६ एप्रिल २००६

ती. ताईस सा. न.

तुझं पत्र वाचून आणखीच खचले. जिला आईच नाही, तिच्यापुढे मी आई म्हणून पदर पसरला! पुन्हा चेस्टरला जायचं त्राण नव्हतं. आज ऋजुताला खुर्चीत बसवलं होतं. नर्सकडून कोमट पाणी मागून घेतलं आणि माझ्याच कुमारिकेचे पाय धुवायला बसले.

उजवा पाय पाण्यात घेतला, बोटांमधून हात फिरवला, तर तिने झटकन ओढून घेतला! मी धावत जाऊन डॉक्टरांना आणलं. ते हळूच म्हणाले, हे आपोआप होतं, यावर आशा बांधू नका. ते गेल्यावर मी तो पाय पुसला, कुंकू लावलं, त्यावर डोकं टेकून ढसाढसा रडले. दुसरा पाय धुवायचं बळच उरलं नाही. पाणी उचलून न्यायला उठले.

ताई, तेवढ्यात तिने डावा पाय आपणहून पुढे केला.

आम्हा तिघांना मायेत ठेव.

तुझी,
वैभवी