शेवटच्या प्रकरणातली तीन वाक्यं

अण्णा, तुमचं पुस्तक छापायचं म्हणतायत. वाचनालयाचे आताचे कार्यवाह शाळेत तुमच्याकडे पेटी शिकले होते, त्यांचा मागच्या महिन्यात फोन आला. हंगेरीच्या त्या संगीतकाराचं तुम्ही निवृत्तीनंतर बसून लिहिलेलं चरित्र एवढी वर्षं त्यांच्या कपाटात कापडात बांधून पडलं होतं. "सर काय लिहून गेलेत हो! आम्ही येडे, उघडून बघितलंच नाही," ते म्हणाले. मला इतका आनंद झाला की कारखान्याच्या कँटीनमध्ये ताट तसंच ठेवून मी बाहेर जाऊन बोललो. मग संध्याकाळी त्यांनी शेवटच्या प्रकरणाचे फोटो पाठवले. तुमचं ते ठसठशीत अक्षर पाहिलं आणि माझं जेवण काही झालं नाही.

पेणच्या शाळेतला गाण्याचा मास्तर आणि हंगेरी, यावरून तुम्हाला लोक काय कमी हसले? पण रद्दीच्या दुकानात तुम्हाला त्याचं ते इंग्रजी चरित्र मिळालं आणि तुम्ही खुळावलातच. खेडोपाडी यंत्र घेऊन हिंडणारा, शेतकऱ्यांची गाणी टिपून त्यांतून आपलं नवं संगीत उभं करणारा माणूस. तुमच्याकडे यंत्र नव्हतं, मी होतो. लग्नसराईत आपण दोघं धवलारणींकडे जायचो. लग्नातला एकेक विधी गाण्यातून लावणाऱ्या त्या बायका मांडवात बसून गायच्या, तुम्ही स्वर लिहायचे आणि मी शब्द. मी दहा वर्षांचा, कान तिखट आणि हात भराभर चालणारा. एकदा वऱ्हाड आलं, बँडच्या गोंगाटात एक ओळ हुकली आणि मी आपली एक ठोकून दिली, मांडवाच्या दारी कुणी सांडिलं गं दही. मला वाटलं, कुणाला कळतंय! पण घेतलेलं गाणं गाणारणीला वाचून दाखवल्याशिवाय तुम्ही कधी निघायचे नाही. म्हातारी हसली. "ही ओल मी गायलेच नाय, मास्तर."

तुम्ही मारलं नाहीत. रस्त्याच्या कडेला मोरीवर बसवून ती ओळ खोडायला लावलीत आणि पट्टीनं तिथं रेघ मारून घेतलीत. "ऐकलं नाही तिथं रेघ. रेघेची लाज नाही वाटायला पाहिजे," म्हणालात. मग उठून पुढे चालू लागलात. मी तुमच्या मागून चालतोय, वही छातीशी धरून, आणि तुम्ही आता तरी वळून बघाल म्हणून वाट पाहतोय.

तुमच्या त्या इंग्रजी चरित्राची शेवटची पानंच नव्हती. देश सोडून तो जहाजावर चढतो, तिथं पुस्तक संपायचं. म्हणून तुम्ही मला इकडे जर्मनीत पत्र लिहिलंत. तुझ्या गावात जर्मन पुस्तकं असतील, दोन तरी चरित्रं बघ आणि एवढंच कळव, की गाव सुटल्यावर ती गाणी त्याच्यापाशी राहिली का. मी र्युसेल्सहाइमला येऊन दोन वर्षं झाली होती आणि पुढच्या पावसाळ्यातही मी घरी येणार नव्हतो. मला तो टोमणा वाटला, अण्णा. सरळ विचारायचं सोडून त्या हंगेरियन माणसाच्या आडून काय विचारता, असं वाटून मी धुसफुसत राहिलो. बिब्लिओटेक, म्हणजे इथलं वाचनालय, माझ्या घरापासून चालत दहा मिनिटांवर होतं. मी गेलोच नाही. रविवारी तुम्ही औषधांच्या दुकानात फोनवर आलात, आणि मी म्हटलं, "बघितलं. त्यात काही नाही तसलं."

"दोन्ही बघितलीस?"

"हो, दोन्ही."

"मग झालं," तुम्ही म्हणालात, आणि थंडी किती आहे ते विचारलंत. होळीच्या आधी तुम्ही गेलात.

फोटोतल्या पानावर लिहिलंय, 'जर्मनीतील दोन चरित्रे माझ्या मुलाने तपासली. त्यांत याविषयी काही आढळत नाही. गाव सुटल्यावर गाणीही सुटली, असेच मानावे लागते.' अख्ख्या पुस्तकात दोन साक्षींशिवाय एक वाक्य न लिहिणारे तुम्ही, आणि तुमच्या दोन्ही साक्षी मीच होतो.

इतक्या वर्षांनी बिब्लिओटेकचं कार्ड काढलं. दोन चरित्रं मिळाली. पटत नाही त्यांचं आपसात, एक त्याला देव करतं, दुसरं तुसडा म्हणतं. पण एका गोष्टीवर दोघांचं एकमत आहे. परमुलखात, आजारी, पैशाची ओढाताण, आणि हा माणूस खेड्यांतल्या गाण्यांची जुनी ध्वनिमुद्रणं पुन्हा पुन्हा ऐकत बसलाय, एकेक स्वर कागदावर उतरवतोय. गाणी सुटली नव्हती हो. एका दुपारचं काम होतं, मी वाचून सांगितलं असतं तर तुम्ही औषधांच्या दुकानात पोरासारखे ओरडला असतात. तुम्ही मात्र नको ते मानून गेलात, आणि नुसतं त्याच्याबद्दल नाही.

माझ्या मुलीनं पुस्तकं पाहिली. तिला मराठी सगळं कळतं, उत्तर जर्मनमध्ये येतं. आजोबांचा एक प्रश्न होता, म्हटलं. "उंड? श्टेट एस द्रिन?" सापडलं का त्यात? हो, म्हटलं. "आल्झो, श्राइब इम डोख," मग लिही ना त्यांना, असं सहज बोलून ती सायकल काढून गेली. म्हणून हे लिहायला बसलो.

कार्यवाहांना मी फोन केला, अण्णा. म्हटलं, ती तीन वाक्यं काढा आणि तिथं रेघ मारा. "रेघ?" ते म्हणाले, "लोक म्हणतील छपाईची चूक. आणि सरांनी मुलाच्या कष्टांचा उल्लेख केलाय, तोच काढायचा? किती अभिमानानं लिहिलंय त्यांनी!" खरं कारण माझ्या ओठांवर आलं होतं. पन्नाशी उलटलेला माणूस मी, आणि तरी ते सांगितलं नाही. "बरं, राहू दे," म्हटलं. पुस्तक तसंच निघणार आहे.

दुसऱ्या दिवशी कामावर जाताना वाटलं, निदान एखादं धवलगीत तरी म्हणून बघू. आपण एवढ्या वह्या भरल्या, काहीतरी उरलंच असेल. गाडीत एकटाच होतो. खूप आठवून पाहिलं. चालीसकट एकच ओळ आली, दह्याची. तेवढीच येते, अण्णा.