गिरणीच्या इंजिनावर चाललेला सिनेमा

तीर्थस्वरूप दादास,

धाकटीचा वाकून नमस्कार. तुझी कंबर कशी आहे? (खुर्चीत बसून दुखते म्हणे! इथे पोती उचलून आमची ठणठणीत.) आई खुशाल आहे.

तू पाठवलेला तो जुना, गाजलेला सिनेमा काल दुपारी शाळेत झाला, आणि अरे, काय सांगू, अख्खं गाव लोटलं होतं! आपल्या दोघांच्या नावावरच्या गिरणीचं जुनं इंजिन काढून विजेची मोटर बसवायची म्हणून मी तुझी सही मागितली, तर तू सहीऐवजी सिनेमा धाडलास. गावात यंत्र शिरलं की माणुसकी कशी लयाला जाते, ते आम्हा अडाण्यांना कळावं म्हणून. बरं. शाळेची वायरिंग नेमकी दुरुस्तीला काढलेली. मग सिनेमा घेऊन आलेल्या तुझ्या दाढीवाल्या मित्राने शेजारच्या आपल्याच गिरणीच्या इंजिनाला जनित्र जोडलं. (यंत्राविरुद्धचा सिनेमा यंत्रावर! त्याला हसू आलं नाही. दाढीत आलं असेल तर दिसलं नाही.)

मी दारात, एक डोळा इंजिनावर, एक पडद्यावर. नायिका जात्यावर दळतादळता गाते, वासरू मान डोलावतं, दाढीवाला डोळे पुसतो. बायका मात्र कुजबुजत होत्या, की एवढं दळून हिला गायला दम उरतो कसा? मग गावात पिठाची गिरणी येते, खलनायक म्हणून हं! पट्टा फिरला मात्र, आणि सगळ्या बाया उठून टाळ्या पिटायला लागल्या! पहिल्या रांगेतली आईसुद्धा! दाढीवाला ओरडतोय, "अहो, आत्ता नाही! पुढे गिरणी जळते, ही पुन्हा जात्यावर बसते, तेव्हा वाजवा!" तेवढ्यात इंजिन बंद पडलं. बिचाऱ्याने अर्धा तास हँडल मारलं, पण छे. शेवट गोड झाला म्हणत लोक खुशीत घरी गेले.

तर इंजिनाची ही अशी दशा आहे. आता तूच काय ते बघ.

तुझी धाकटी

ता. क. कागद सोबत आहे. फुली मारलीय तिथे सही कर.

आणखी एक ता. क. खोटं बोलून सही नको. इंजिन आपोआप बंद पडलं नाही, मीच डिझेलची तोटी बंद केली. तुझ्या शिक्षणासाठी जात्यावर लोकांची दळणं दळून आईची बोटं वाकडी झालीत, टाळी धड वाजत नाही, तरी वाजवत होती रे. तिच्यादेखत त्या बाईला पुन्हा जात्यावर बसवायला माझं मन धजलं नाही. सही कर.