बांधून ठेवलेली वेल

खारूताई,

समज, तू एक पिल्लू आहेस. अंगावर धड पिसं नाहीत आणि डोक्यावरचं पानांचं छप्पर कोणीतरी बाजूला बांधून ठेवलंय. उन्हाचा किती चटका बसेल!

काल गॅलरीतल्या बुलबुलाच्या घरट्याचं मी तेच केलं. कॅमेऱ्याला पिल्लं दिसावीत म्हणून वेल दोरीने मागे बांधली. काम संपलं की आधी दोरी सोडायची, मग कॅमेरा उचलायचा, हे तुला मीच शिकवलं आणि मीच चित्रण बघायला आत पळालो. "आजोबा, दोरी सोडली ना?" तू विचारलंस. मी मान वर न करता "हो गं" म्हणालो. खोटं बोललो.

संध्याकाळी तुझी आई कामावरून आली, तिने दोरी सोडली. आज सकाळी पिल्लं हलताहेत, पण त्यांची आई समोरच्या तारेवरच बसून आहे, घरट्यात येत नाही. मला स्टुडिओत जावंच लागतंय. तू गॅलरीचं दार उघडू नकोस, पडद्याआडून बघ. तुझी आंघोळ होईपर्यंत ती आली नाही, तर पक्ष्यांच्या डॉक्टरीणबाईंना फोन कर. नंबर फ्रिजवर चिकटवलाय.

तुझ्या आईला मी आत्ताच सगळं खरं सांगितलं. काल जेवताना तिने विचारलं, "वेल अशी कोणी ठेवली?" तेव्हाच मी तोंड उघडायला हवं होतं. मी खाली मान घालून जेवत राहिलो. तू माझ्याकडे पाहिलंस आणि म्हणालीस, "मी."