मावशींचा पगार

४ मार्च
आलो एकदाचे नव्या गावी! खोकी अजून तशीच पडली आहेत, पण स्वयंपाकघराच्या खिडकीतून इतकं छान ऊन येतं की आमची लेक, पिल्लू, त्यातच लोळत बसली. नुकतीच बोलायला लागली आहे, दिवसभर चिवचिव. सोमवारपासून मी दवाखान्यात रुजू होणार. तिला सांभाळायला कोण, हाच एक घोर. मुलं सांभाळायला बाई देणाऱ्या संस्थेचा दर ऐकून नवरोबा म्हणाले, त्यापेक्षा आपणच लोकांची मुलं सांभाळू.

७ मार्च
मावशी मिळाल्या! बाई हवी असल्याचं खालच्या दुकानात कळलं म्हणे. नीटनेटक्या, हसतमुख. पगाराचं विचारलं तर म्हणाल्या, पैसे नकोत, आठवड्याला मी मागेन ती तुमची एक वस्तू द्या. विचित्र वाटलं, पण घरभाड्यानेच कंबर मोडली आहे आमची. पहिल्यांदा माझा निळा स्वेटर मागितला. विटकाच होता, दिला. पिल्लू त्यांच्या कडेवरून उतरायला तयार नाही.

१५ मार्च
या आठवड्यात अंगाई मागितली. माझ्या आईची, पिल्लूला म्हणते ती. हसत हसत शिकवली. आज दुपारी पिल्लूला थोपटायला बसले तर एक ओळ आठवेना. चालसुद्धा नाही. बाहेरच्या खोलीत मावशी तीच गुणगुणत होत्या. आवाज माझा वाटला. दमले असेन. दवाखान्यात कामाचा रगाडा फार.

२१ मार्च
काल त्यांनी माझ्या अंगाचा वास मागितला. चेष्टाच वाटली, घ्या म्हटलं. आज पिल्लूला जवळ घेतलं तर तिने माझी मान हुंगली आणि किंचाळत मावशींकडे झेप घेतली. नवऱ्याला सांगितलं, तर म्हणाला, तुला विश्रांती हवी. मग मीच मावशींना सांगितलं, उद्यापासून येऊ नका. त्या शांतपणे म्हणाल्या, "शेवटचा पगार राहिलाय माझा." काय हवं ते घ्या आणि जा, असं माझ्या तोंडून गेलं. गेलं खरं.

२२ मार्च
सकाळी दूध घेऊन वर आले, तर त्या आमच्या ओट्यापाशी. पाठमोऱ्या. वळल्या — चेहरा माझा. नवरा समोर चहा पीत होता. मला बघून म्हणाला, "आज इतक्या लवकर कशा आलात?"
आलात. मला.
लग्नाचा फोटो काढून दाखवला. त्यातही ती —

दुपार
नवऱ्याने समजूत घालत बाहेर आणून सोडलं. वाईट वागला नाही. परक्याशी वागतात तसा —
जिन्यात बसले आहे. आत अंगाई चालली आहे. पिल्लू हसते आहे. आरसा नाही इथे. बरंच आहे.
दार उघडलं. पिल्लू. एकटीच! टक लावून बघते आहे — ओळखलं, ओळखलं तिने — हात पसरून येते आहे माझ्याकडे, हाक मारते आहे, माव—