गोलाई आठ सेंटीमीटर

५ जानेवारी १९८६, रविवार
सकाळी वंदना झाली आणि निश्चय केला. खिडकीला पडदा लावायचा. आमच्या लेकीला, कुंताला, मुलगी होऊन आज सहा दिवस. बाळंतिणीच्या खोलीची खिडकी नेमकी बोरिंगसमोर. पाण्याला आलेली प्रत्येक बाई हंडा भरेपर्यंत आमच्या घरात बघते. हंडा भरल्यावरही बघते. हिने जुन्या हिरव्या लुगड्याचा पडदा शिवून ठेवला आहे. प्रश्न फक्त दांडीचा. उद्या संध्याकाळपर्यंत काम फत्ते.

ही म्हणाली, "दोन खिळे ठोका न् सुतळी बांधा. दांडी कायले पायजे?"

लाकूड डेपोत बावीस वर्षे मोजमाप कारकून असलेल्या माणसाच्या घरी सुतळी! गप्प राहिलो. सम्यक वाणी.

कुंता जयंतीपर्यंत, म्हणजे १४ एप्रिलपर्यंत, राहणार आहे. नातीला पांढरे झबले घालून मिरवणुकीत मीच कडेवर घेणार. हे ठरलेले आहे.

८ जानेवारी
खिडकी तीनदा मोजली. दांडी दीडशे सेंटीमीटर हवी. बांबूचे काम करणाऱ्या डोमाने सरळ, तासलेला बांबू आणून दिला. फुकट. मी वाहतूक पास विचारला. म्हणाला, "भाऊ, परदा लावाचा हाय का जंगल न्याचं हाय?" बांबू घेऊन परत गेला. नियम म्हणजे नियम. शिवाय बांबूला भुंगा लागतो.

१२ जानेवारी
सागवानाचा विचार. उत्तम. पण डेपोच्या कारकुनाच्या घरात सागवानाची दांडी दिसली तर लोक काय समजतील? चोरी न करण्याचे दुसरे शील आठवून विचार सोडला. मन हलके झाले.
खिडकी तशीच.

१५ जानेवारी
अहेरीच्या दुकानात पडद्याची स्प्रिंग पाहिली. ताणली तर खिळा उपटणार, सैल ठेवली तर मधे पोट सुटणार. वीस मिनिटे हातात धरून चिंतन केले. दुकानदार म्हणाला, "घ्याची हाय का हिले आशीर्वाद द्याचा हाय?"
घरी येताना मार्ग दिसला. बांबू नको, स्प्रिंग नको. मध्यम मार्ग. लोखंडी नळी. चंद्रपूरहून.

१६ जानेवारी
चंद्रपूरच्या दुकानदाराला पत्र टाकले. "लोखंडी नळी, नग १. लांबी १५० सेंमी. गोलाई ८ सेंमी." छत्रीच्या दांड्याला टेप वेढून गोलाई घेतली, डेपोत ओंडक्याची घेतो तशीच. इतके नेमके पत्र त्या दुकानदाराला आयुष्यात आले नसेल.

२० जानेवारी
मालिश करणारी बुधरी खिडकीकडे पाठ करून बसते. ही म्हणते, "बुधरी जाडी हाय म्हणून भागून राह्यलं." बुधरी गेली की कुंता भिंतीकडे तोंड करून पोरीला पाजते. मी सांगितले, चारच दिवस. तिने पोरीवर पदर ओढला. समजूतदार आहे. माझ्यावर गेली.

२७ जानेवारी
तात्पुरता उपाय म्हणून गजांना वर्तमानपत्र चिकटवले. आता बोरिंगवरचे लोक वाचायला जवळ येतात. शेजारच्या मुखरूने बाहेरूनच विचारले, "भाऊ, बातमीचा बाकीचा भाग कोन्त्या पानावर हाय?" मी पान सांगितले.
संध्याकाळी कुंताने कागद फाडला.

२ फेब्रुवारी, रविवार
नळी आली. एसटीच्या टपावरून. दंडाएवढी जाड. मूर्ख दुकानदाराने गोलाई म्हणजे घेर न धरता आरपार जाडी धरली! खांद्यावर घेऊन येताना मुखरू ओरडला, "देवरावभाऊ, बोरिंगचा पाइप घरात काऊन नेऊन राह्यले?" क्षणात हंड्यांसकट आठ बाया दारात. खुलासा करायला तास गेला. तेवढा वेळ सगळ्या बाळंतिणीच्या खोलीत.
पडद्याच्या नेफ्यात नळी शिरत नाही.
ही म्हणाली, "सुतळी अजून घरात हाय."
दुकानदाराला दुसरे पत्र लिहिले. तीन पाने. गोलाई म्हणजे काय, ते आकृती काढून समजावले. लोकांना शिकवण्यात वेळ जातो, पण ते पुण्याचे काम आहे.

८ फेब्रुवारी, शनिवार
सव्वा महिना होताच जावई घनश्यामराव मूल गावाहून आले. कुंताची पेटी भरलेली होती. मी म्हणालो, जयंतीला दोन महिने आहेत, एवढ्यात काऊन? म्हणाली, "बाबा, तिकडं खिडकीले परदा हाय."
निघताना नातीने माझे बोट घट्ट धरले होते. सोडवून घ्यावे लागले. तिच्या मुठीची गोलाई मोजायची राहिली.

११ फेब्रुवारी
दुसरी नळी आली. अचूक. दोन्ही टोकांना हुक बसवले, पडदा ओवला, बाटलीत पाणी भरून आडवी धरली आणि लेव्हल पाहिली. तसूभर फरक नाही. बोरिंगवरून आता खोलीतले काहीही दिसत नाही. खात्री करायला स्वतः बोरिंगवर जाऊन उभा राहिलो. मुखरू म्हणाला, "भाऊ, मस्त. पन आता अंदर हाय कोन?"
त्याला सौंदर्यदृष्टी नाही.
परत आलो तर हिने पडदा पूर्ण बाजूला सारला होता आणि रिकाम्या खाटेवर बसून एसटीच्या रस्त्याकडे बघत होती. मी ओढायला हात पुढे केला. म्हणाली, "राहू द्या तसाच."
राहू दिला. सरकतो मात्र छान.