निम्मं फिटलं की येतो

११ जानेवारी, रविवार

कपाटाचा डावा खण रिकामा केला! पाच वर्षं त्यात माझे जुने ड्रेस, अक्षताच्या वह्या, लग्नात आलेले स्टीलचे सेट — सगळा पसारा कोंबून ठेवला होता. सगळं पलंगाखाली ढकललं. आता तो खण यज्ञेशचा. त्याचे शर्ट येतील, तो भयाण वासाचा दाढीचा साबण येईल. येऊ दे. नाक मुठीत धरून राहीन.

मार्चला हप्ते सुरू होऊन पाच वर्षं होतात. घर घेतलं तेव्हाच ठरलं होतं. तो मस्कतला जाणार, एसीच्या प्लँटवर, इथल्या तिप्पट पगार. त्यातून हप्ता. माझ्या लॅबच्या पगारात घर. आणि निम्मं कर्ज फिटलं की बँकेकडून हप्ता कमी करून घ्यायचा आणि त्यानं कायमचं परत यायचं — कमी हप्ता इथल्या पगारातही झेपेल. नाहूरच्या या हॉलमध्ये, अजून पंखासुद्धा लागला नव्हता तेव्हा, म्हणाला होता, "निम्मं फिटलं की येतो, जया. आईशप्पथ."

पन्नास लाखांचं कर्ज. भरून झाले तेवीस. म्हणजे झालंच की!

फेब्रुवारी संपायच्या आत त्यानं कंपनीला सांगायचंय, करार आणखी दोन वर्षं वाढवणार की नाही. "नाही" म्हणायचं. एवढंच काम आहे.

१४ जानेवारी

फोनवर तिळगूळ दाखवला. म्हणाला, "तूच खा, तुला गरज आहे गोड बोलायची." नालायक! त्याच्या वाटणीचेही दोन खाल्ले.

१८ जानेवारी, रविवार

अप्पा — माझे सासरे — सध्या भलतेच खुशीत. सोसायटीच्या वॉचमनपासून भाजीवाल्यापर्यंत सगळ्यांना सांगून झालं, "झील येतलो माझो, कायमचो!" मला दिवसातून दोनदा विचारतात, "निम्मां फिटलां मां गो?" मी म्हणते, फिटलं अप्पा, फिटलं.

त्यांचं सगळं आयुष्य भिशीवर निघालं. गिरणीत खात्यातल्या वीसजणांची भिशी असायची. आपली पाळी आली की रक्कम उचलायची, मग दर महिन्याला भरत राहायचं. जेवढे भरले तेवढे फिटले, विषय संपला. जोगेश्वरीची खोली भिशीवर घेतली, नणंदेचं लग्न भिशीवर. घराचं कर्ज घेतलं तेव्हा यज्ञेशला त्यांनीच समजावलं होतं, "घाबरतंस कित्याक? भिशीच ती, मोठी." आम्हीही तसंच मोजत आलो. दर पाच तारखेला हप्ता कापल्याचा मेसेज आला की मनातल्या मनात पन्नासातून वजा. केवढं बरं वाटायचं!

अक्षताने आज मध्येच विचारलं, "आई, बाबा घोरतात का गं?" गेला तेव्हा सहाची होती. मी म्हटलं, घोरतात म्हणजे काय, इमारत हलते. ती खूप हसली. मला मात्र पटकन आठवेना — खरंच घोरतो ना तो?

२५ जानेवारी, रथसप्तमी

बोरीवलीला गेले होते. मामेभाऊ सौरभ, त्याच्या बायकोचं, रुचिराचं हळदीकुंकू. सौरभ एका बँकेत कर्जाच्या खात्यात आहे (आमची बँक नाही, दुसरी). मी आपली सगळ्यांसमोर मिरवत होते, यज्ञेश येतोय, निम्मं कर्ज उडवलं आम्ही.

सौरभ म्हणाला, "ताई, पाच वर्षांत निम्मं? लॉटरी लागली की काय?"

"लॉटरी कसली! भरलेत रे तेवीस लाख."

"भरलेत गं. पण ते गेले कुठे ते बघितलंस का कधी?"

माझाच मोबाईल, माझंच बँकेचं ॲप. मी त्यात फक्त पगार जमा झाला का बघते. त्यानं कुठेकुठे दाबलं आणि त्याचं हसणं थांबलं. "ताई, जरा आत ये."

मुद्दल बाकी शेहेचाळीस लाख सत्तर हजार!

म्हणजे तेवीस लाख भरून फिटले किती, तर सव्वातीन! मी ओरडलेच. हॉलमधल्या बायका दाराशी आल्या. सौरभ समजावत होता — हप्त्यातून आधी व्याज कापलं जातं, उरेल ते मुद्दलात. सुरुवातीची वर्षं सगळा हप्ता व्याजातच जातो. त्यात बावीस साली व्याजदर वाढले. "तुझा हप्ता वाढला नाही ना? मग बँकेनं मुदत वाढवली. हप्ता तेवढाच, वर्षं जास्त."

"किती जास्त?"

"बावीस वर्षं."

"विसाची बावीस झाली?"

"नाही गं. आजपासून पुढे बावीस."

वाणाचा डबा तिथेच विसरून आले.

२६ जानेवारी

वीस वर्षांचं कर्ज. पाच वर्षं भरलं. राहिली बावीस. हे गणित कुठल्या शाळेत शिकवतात?

२८ जानेवारी, बुधवार

अर्धी रजा टाकून बँकेत. वाटलं होतं, सौरभचं काहीतरी चुकलं असेल. नाही चुकलं. समोरचा मुलगा शांत. "मॅडम, तुमच्या सोयीसाठीच हप्ता वाढवला नव्हता. मेल गेला होता." मेल यज्ञेशच्या त्या जुन्या पत्त्यावर, जो तो मस्कतला गेल्यापासून उघडतच नाही.

आणि मी? तेव्हा लॅबमध्ये सुगंधा रडकुंडीला आली होती, तिचा हप्ता सहा हजारांनी वाढला म्हणून. मी मोठ्या तोऱ्यात सांगितलं, आमचा नाही बाई वाढला! सगळ्यांना वडापावची पार्टी दिली. वर म्हणाले, बँक चांगली निवडली आम्ही. सुगंधा आज माझ्यापेक्षा कितीतरी पुढे आहे. तिनं निदान दुखणं तेव्हाच अंगावर घेतलं. मी वडे वाटले!

त्या मुलानं कागदावर आकडे मांडून दिले. असंच चाललं तर पंच्याहत्तरला घेतलेलं घर आम्हाला दीड कोटीला पडेल. त्याचंही मला तेवढं लागलं नाही. मी एकच विचारलं, "निम्मं कधी फिटेल?"

त्यानं कॅल्क्युलेटर दाबला. "पंचवीसवर यायला? पंधरा वर्षं लागतील मॅडम. साधारण."

"अहो, आमचं पाच वर्षांत ठरलंय," मी म्हटलं. त्याला काय कळणार! त्यानं पुढचा टोकन नंबर दाबला.

३० जानेवारी, शुक्रवार

त्याचा सुट्टीचा दिवस. फोनवर आधी बॅग दाखवली. नवीन, लाल रंगाची, चाकांची. "फिरत्या पट्ट्यावर लांबून ओळखू येईल म्हणून लाल," म्हणाला. मग दाखवलं, अक्षताला बूट घेतलेत. मापाचे नाहीत, मला बघताक्षणीच कळलं, तिचा पाय केव्हाच मोठा झालाय. बोलले नाही.

बँकेचंही बोलले नाही.

केस पिकलेत त्याचे कानावर. फोनमध्ये दिसायचे नाहीत एरवी, आज उजेडात बसला होता म्हणून दिसले. मला त्या केसांवरून हात फिरवायचाय. लग्नाला चौदा वर्षं झालेल्या बाईने असलं लिहू नये म्हणतात. कोण वाचतंय!

६ फेब्रुवारी, शुक्रवार

सांगितलं.

आधी हसला. वाटलं, चेष्टा करतेय. मग आकडे दोनदा विचारले. मागे त्याच्या खोलीवरच्या कुणीतरी कुकर लावला होता, तेवढी शिट्टी ऐकू येत होती.

"मग दोन वर्षं अजून करतो," म्हणाला.

"दोन वर्षांनी काय होणार आहे, यज्ञेश? निम्मं व्हायला पंधरा आहेत!"

"मग पंधरा करतो! काय करू सांग? इथे येऊन हप्ता कशातून भरू? तुझ्या पगारातून?"

मी म्हटलं, तू नसलास तर घर काय चाटायचंय? तो म्हणाला, "घर तुलाच पाहिजे होतं." खरं आहे. मलाच पाहिजे होतं. ते त्यानं बोलायला नको होतं, पण खरं आहे. फोन मीच कापला. नंतर चार वेळा लावला, त्यानं उचलला नाही. मग त्यानं लावला, मी उचलला नाही. मूर्ख आहोत दोघंही.

९ फेब्रुवारी

अप्पांना कळलं. अक्षताने सांगितलं, तिनं आमचं भांडण ऐकलं असणार. संध्याकाळी मी भाकऱ्या करताना मागे येऊन उभे राहिले. "माझां चुकलां गो. मियाच त्येका भिशी म्हटलंय." मी म्हटलं, अप्पा, आम्ही दोघं शिकलेले, तुमचं कसं चुकलं? तरी उभेच. शेवटी मीच त्यांना हाताला धरून बसवलं.

अप्पांच्या बायपासला आमची सगळी शिल्लक गेली. त्याबद्दल त्यांच्या मनात काय चाललं असेल कुणास ठाऊक. त्याचं मला काडीचं दुःख नाही, एवढं मात्र त्यांना सांगून टाकलं.

१५ फेब्रुवारी, रविवार

घर मला का हवं होतं, ते आज लिहून टाकते.

जोगेश्वरीला एकच खोली. आम्ही दोघं, पाळण्यात अक्षता, मधे साडीचा पडदा, पलीकडे अप्पा आणि तेव्हा सासूबाई होत्या. कुजबुजायचं तरी चोरी. यज्ञेश माझ्या तळहातावर बोटानं लिहायचा, बोलायचं असेल ते. "झोपलीस?" असं लिहायचा, आणि मी झोपलेली असेन तर जागी व्हायची. मला वैताग यायचा. मला दार हवं होतं. कडी असलेलं दार! आपली खोली, आपला पलंग, हवं तेवढ्या मोठ्यानं बोलायचं.

मिळाली. कडीपण आहे. पाच वर्षांत यज्ञेश तीनदा सुट्टीवर आला. एकदा अप्पांच्या ऑपरेशनला, तेव्हा तर तो हॉस्पिटलातच झोपला. या पलंगावर मी मधोमध झोपते. कडी कधी लावलीच नाही, कुणापासून लावायची?

व्याज, मुदत, मुद्दल — सौरभने सगळं समजावलं, बँकेतल्या पोरानं कागदावर मांडलं. पण अक्षता सायकल शिकली तेव्हा मागे धरून धावायला शेजारचे काका होते, ते कुठे मांडायचं? मी तापाने फणफणले होते तेव्हा पोरीनं मॅगी करून आणली, ते? मला तो हवाय. बस. मला माझा नवरा घरात हवाय, घोरत, घामट, टॉवेल पलंगावर टाकणारा. फार मोठं मागणं आहे का हे?

१७ फेब्रुवारी

यज्ञेशचा मेसेज. "सॉरी. घर आपल्या दोघांना पाहिजे होतं."

वाचला आणि लॅबच्या बाथरूममध्ये जाऊन रडले. बाहेर आले तर सुगंधा म्हणाली, "काय गं, रक्त काढलं की काय कुणी तुझं?"

२० फेब्रुवारी, शुक्रवार

आज भांडलो नाही. त्यानंच सगळं हळूहळू सांगितलं — पुढच्या शुक्रवारपर्यंत कंपनीला कळवायचंय, तो "हो" कळवणार. पगार थोडा वाढतोय. हप्ता सात हजारांनी वाढवला तर पंधरा वर्षांत सगळं कर्ज संपतं, सौरभला फोन करून त्यानं विचारून घेतलं. "अक्षता तेव्हा सव्वीसची असेल, जया. तिला एक घर तरी मिळेल."

घर मिळेल. बाप नाही.

मी म्हटलं, शुक्रवारपर्यंत कळवू नकोस. काहीच कळवू नकोस. तो म्हणाला, "का? काय फरक पडणार आहे?"

बूट अक्षताला पाठवून दिले होते त्यानं कुणाबरोबर तरी, आज पोचले. दोन नंबर लहान. ती म्हणाली, "बाबांना सांगू नकोस हं, मी फोटो काढून पाठवते घालून." टाचा बाहेर काढून घातले आणि फोटो पाठवला.

२२ फेब्रुवारी, रविवार

अप्पांची जोगेश्वरीची खोली भाड्यानं दिलीय. जेवताना म्हणाले, भाडेकरू मार्चअखेर सोडतोय, दुसरा बघूक व्हयो. मी म्हटलं, अप्पा, नका बघू दुसरा. त्यांनी घास तसाच हातात धरला. मग म्हणाले, "लहान पडतली गो तुका." मी म्हटलं, पडू दे.

२४ फेब्रुवारी

सोसायटीतल्या राजेशला भेटले, तो जागांची कामं करतो. उद्या घर बघायला एक जोडपं आणतोय म्हणाला. नवीन लग्न झालंय. त्यांना दार हवंय.

२७ फेब्रुवारी, शुक्रवार

त्या जोडप्याकडून घराचं टोकन घेतलं. बँकेचं सगळं फेडून वर पन्नासेक लाख उरतात. यज्ञेशला सकाळीच फोन केला, त्यानं "हो" कळवायच्या आत. आधी मला वेडी म्हणाला, मग खूप वेळ नुसता रडत होता.

वकील म्हणाले, "मिस्टर मस्कतला आहेत ना? पॉवर ऑफ ॲटर्नी पाठवू देत, सहीसाठी यायची गरज नाही." मी म्हटलं, नाही चालणार. माणूस पाहिजे.